जेनिफर केंडल: ‘शशी कपूरची बायको’ या ओळखीपलीकडची

तुमचा प्रश्न असा आहे: जेनिफर केंडल हे नाव शशी कपूरची ब्रिटिश पत्नी म्हणून ऐकलंय, पण ती स्वतः अभिनेत्री म्हणून कशी होती? आणि चांगली होती तर चित्रपट इतके थोडे का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. चित्रपट थोडे, कारण ती मुळात नाटक कंपनीतली बाई. नुसती नाटकातली नव्हे, नाटक कंपनीतली. आज मुंबई, उद्या नाशिक असं पेट्या बांधून हिंडणाऱ्या आपल्या जुन्या संगीत मंडळ्या आठवा, म्हणजे फरक लक्षात येईल. अशा कंपनीत मालकाची मुलगी संध्याकाळी नायिका असते आणि दुपारी त्याच नायिकेच्या झग्याला इस्त्री करत बसलेली असते.

जन्म २८ फेब्रुवारी १९३३, इंग्लंडमधल्या साउथपोर्टचा. वडील जेफ्री, आई लॉरा लिडेल, दोघंही नट. वडिलांचं खरं आडनाव ब्रॅग. इंग्लंडच्या उत्तरेला केंडल नावाचं गाव आहे, तिथे ते जन्मले आणि रंगमंचासाठी त्यांनी गावाचंच नाव लावलं. आपल्याकडे असते तर सरळ ‘केंडलकर’ झाले असते. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांच्या करमणुकीसाठी नाटकं करत हे जोडपं हिंदुस्थानात आलं आणि इथल्या प्रेक्षकांच्या प्रेमातच पडलं. मग १९४७ मध्ये, म्हणजे बाकीचे इंग्रज गाशा गुंडाळत होते तेव्हा, हे स्वतःची ‘शेक्सपिअराना’ कंपनी घेऊन परत आले. बरोबर चौदा वर्षांची जेनिफर आणि तान्ही फेलिसिटी.

कंपनी शेक्सपिअर करायची, जोडीला शॉ आणि शेरिडन या नाटककारांची नाटकं. प्रयोग कुठे? शाळांच्या सभागृहांत, कॉलेजांत, संस्थानिकांच्या वाड्यांत, थंड हवेच्या गावांतल्या क्लबांत. आगगाडीच्या तिसऱ्या वर्गातून प्रवास, बरोबर ड्रेपरीच्या, म्हणजे नाटकातल्या कपड्यांच्या, पेट्या. माणसं मोजकी, त्यामुळे एकाच नटाने एका प्रयोगात दोन-तीन भूमिका करायच्या. कंपनीत देशी नटही होते. आपल्याला ‘गोलमाल’मुळे पाठ असलेले उत्पल दत्त ऐन तारुण्यात याच कंपनीत शेक्सपिअर शिकले. जेनिफरचं शिक्षण म्हणाल तर तेही हेच. समोर चारशे शाळकरी पोरं, निम्म्यांना भाषा कळत नाही, तरी त्यांना गप्प बसवायचं. मी कॉलेजात असताना एकांकिका स्पर्धांच्या वेळी विंगेत उभी राहून कपडे सांभाळायचे, त्यामुळे एवढं नक्की सांगते: कंटाळलेल्या शाळकरी प्रेक्षकांसमोर जो उभा राहतो, त्याला कॅमेऱ्याची भीती वाटत नाही.

१९५६ मध्ये कलकत्त्याला ‘शेक्सपिअराना’ आणि पृथ्वीराज कपूर यांची ‘पृथ्वी थिएटर्स’ या दोन्ही कंपन्यांचे मुक्काम एकाच वेळी पडले. पृथ्वीराजांचा धाकटा मुलगा तेव्हा अठरा वर्षांचा, वडिलांच्या कंपनीत पडेल ते काम करणारा. जेनिफर त्याच्याहून पाच वर्षांनी मोठी. पुढची गोष्ट सगळ्यांना माहीत असल्यामुळे आटोपती घेते. शशी कपूर केंडलांच्या कंपनीत येऊन नाटकं करू लागला, जेफ्रींचा लग्नाला कडक विरोध होता, आणि जुलै १९५८ मध्ये लग्न झालं. विरोधामागे जात-धर्म-रंग वगैरे किती होतं ते बाजूला ठेवा. कंपनीच्या मालकाच्या नजरेने पाहिलं तर हातातली नायिकाच चालली होती! तिच्यामागोमाग कंपनीलाही उतरती कळा लागली. स्वतंत्र भारतात शाळांना इंग्रजी नाटकाचं अप्रूप उरलं नाही आणि प्रेक्षक हिंदी सिनेमाकडे वळला. आता योगायोग बघा, ज्या सिनेमाने बापाचा प्रेक्षक पळवला, त्याच सिनेमाच्या घराण्यात लेक नांदायला गेली.

फेलिसिटी पुढे लंडनला परतली आणि तिथल्या रंगभूमीवर, टीव्हीवर मोठं नाव झाली. १९७५ साली सुरू झालेल्या ‘द गुड लाइफ’ या विनोदी मालिकेने ती ब्रिटनमध्ये घराघरांत पोचली. थोरली मुंबईत राहिली. कुणाल, करण, संजना ही तीन मुलं, नवऱ्याच्या दिवसाला तीन-तीन शिफ्ट आणि मागे भलंमोठं कपूर खानदान. त्या काळच्या हिंदी सिनेमात गोऱ्या बाईला कामं कोणती होती? जुलमी साहेबाची मडम, नाहीतर क्लबात नाचणारी. ती तिने केली नाहीत. १९७० साली निर्माता इस्माइल मर्चंट आणि दिग्दर्शक जेम्स आयव्हरी या जोडीच्या ‘बॉम्बे टॉकी’त ती मुख्य भूमिकेत आहे, मुंबईत येऊन एका नटाच्या प्रेमात पडणारी इंग्रज लेखिका. नट अर्थात शशी कपूरच. चित्रपट मला फारसा आवडत नाही. तिचं काम त्यात नीटनेटकं आहे, इतकंच.

खरी जेनिफर दिसते ती त्यानंतर आठ वर्षांनी, श्याम बेनेगलांच्या ‘जुनून’मध्ये. १८५७ ची गोष्ट. चर्चवरच्या हल्ल्यात नवरा मारला गेलाय, तरुण मुलगी आणि म्हातारी आई घेऊन मरियम लॅबेडूर जीव वाचवत फिरतेय, आणि आसरा मिळतो तो तिच्या मुलीवर लट्टू झालेल्या जावेद खान या पठाणाच्या घरात. (म्हातारीच्या भूमिकेत चक्क उर्दू लेखिका इस्मत चुगताई आहेत!) जावेद खान लग्नाचा हट्ट धरतो तेव्हा मरियम रडत नाही, पायाही पडत नाही. ती सौदा करते. दिल्ली तुमच्या हाती राहिली तर मुलगी तुमची, इंग्रजांनी परत घेतली तर हा विषय बंद. हातात एकही पत्ता नसलेली बाई समोरच्या तलवारवाल्याला शब्दात अडकवते, आणि जेनिफर हे आवाज जराही न चढवता करते. त्या घरात तिची पाठ कशी ताठ असते ते बघा. सगळं गेलंय, उठण्या-बसण्याची रीत तेवढी उरलीय. या चित्रपटाचा कपडेपटही तिनेच सांभाळला होता. कंपनीतली सवय, दुसरं काय.

आणि मग १९८१ चा ‘३६ चौरंगी लेन’. तुम्हाला तिचं एकच काम बघायला सवड असेल तर हे बघा. अपर्णा सेन यांचा दिग्दर्शिका म्हणून पहिला चित्रपट, निर्माता शशी कपूर. व्हायोलेट स्टोनहॅम ही कलकत्त्यातली वयस्क अँग्लो-इंडियन शिक्षिका, एकटी राहते, सोबतीला सर टोबी नावाचं मांजर. आयुष्यभर मुलींना शेक्सपिअर शिकवला आणि वर्गाने जांभया दिल्या. पुढे शाळेत नव्या बाई येतात आणि शेक्सपिअरचा तासही हिच्याकडून जातो, हिच्या वाट्याला व्याकरण. अशात एक जुनी विद्यार्थिनी आणि तिचा प्रियकर भेटतात. त्यांना हवी असते एकांताची जागा. व्हायोलेटला वाटतं, आपल्याकडे माणसं यायला लागली.

जेनिफर तेव्हा पन्नाशीच्याही आत होती, पण पडद्यावर साठी गाठलेली दिसते. हे मेकअपवर जमत नाही. जिना चढताना मध्ये घेतलेला श्वास, पर्स दोन्ही हातांनी पोटाशी धरणं, कुणी घरी येणार म्हटल्यावर चेहऱ्यावर येणारी आणि लगेच आवरलेली लगबग. शेवटी नाताळच्या रात्री, ते दोघं गावाला गेलेत अशा समजुतीने, ती स्वतः केलेला केक घेऊन त्यांच्या दाराशी जाते. आत पार्टी चालू असते. ती खिडकीतून बघते आणि परत फिरते. सामसूम रस्त्यावर एक भटकं कुत्रं तिच्या मागे येतं आणि ती त्याला ‘किंग लिअर’मधल्या ओळी म्हणून दाखवते. मी हा प्रसंग पहिल्यांदा बघितला तेव्हा केविलवाण्या म्हातारीची कीव आली होती. नंतर तिचं पूर्वायुष्य वाचलं आणि पुन्हा बघितला. या ओळी म्हणणारी बाई चौदाव्या वर्षापासून याच देशात, असल्याच शाळांतून, न ऐकणाऱ्यांपुढे शेक्सपिअर म्हणत आलेली होती. त्यात भर म्हणजे चित्रपटातल्या तिच्या थकलेल्या भावाचं काम खुद्द जेफ्री केंडल यांनी केलंय. लेकीच्या लग्नावर रुसलेला बाप, जावयाच्या चित्रपटात, लेकीचा भाऊ!

या भूमिकेसाठी तिला ब्रिटिश अकादमीचं, म्हणजे बाफ्टाचं सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. पुरस्कार कॅथरिन हेपबर्नला गेला. हेपबर्नपुढे हरण्यात कमीपणा नाही, तरी माझं मत विचाराल तर त्या वर्षी परीक्षक चुकले.

त्यानंतर ‘हीट अँड डस्ट’, सत्यजित राय यांचा ‘घरे बाइरे’, दोन्हीकडे छोट्या भूमिका. तोवर आतड्याच्या कर्करोगाने गाठलं होतं. ७ सप्टेंबर १९८४ ला लंडनमध्ये ती गेली, वय ५१. शशी कपूर त्यानंतर ३३ वर्षं जगले, दुसरं लग्न केलं नाही.

पण तिचं सगळ्यात मोठं काम यात आलेलंच नाही, आणि मी जुहूच्या शेजारच्या पार्ल्याची असल्यामुळे त्यावर बोलल्याशिवाय मला राहवणार नाही. पृथ्वीराजांची ‘पृथ्वी थिएटर्स’ ही फिरती कंपनी, १९४४ ते १९६०. स्वतःचं नाट्यगृह तिला कधीच नव्हतं. जुहूला त्यांनी जागा घेऊन ठेवली होती, पण तिथे काही उभं राहण्याआधीच, १९७२ मध्ये, ते गेले. केंडलांच्या कंपनीलाही हक्काचं छप्पर कधी नव्हतं. एका बिनघरच्या कंपनीची लेक, दुसऱ्या बिनघरच्या कंपनीची सून. तिने आणि शशी कपूरने त्या जागेवर वास्तुविशारद वेद सेगन यांच्याकडून ‘पृथ्वी थिएटर’ हे नाट्यगृह बांधून घेतलं. पैसा नवऱ्याच्या मसालापटांचा, रोजची देखरेख हिची. ५ नोव्हेंबर १९७८ ला ते उघडलं, आणि पहिलं नाटक कुठलं? आपल्या गो. पु. देशपांड्यांचं ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’, हिंदीतून, नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी यांच्या मंडळींनी केलेलं. मराठीत श्रीराम लागूंनी गाजवलेलं हेच ते नाटक. तेव्हा दादरला छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये आपली प्रायोगिक मंडळी बाकडी सरकवून प्रयोग करत होती, म्हणजे लहान नाट्यगृहाची गरज किती होती ते कळेल.

जेमतेम दोनशे खुर्च्या, तिन्ही बाजूंनी प्रेक्षक, मध्ये पुढे आलेला रंगमंच. पहिल्या रांगेत बसलात तर पाय आवरून घ्यावे लागतात, नाहीतर नट अडखळेल. मी पहिल्यांदा गेले तेव्हा नटाच्या कानशिलावरून ओघळणारा घाम दिसत होता आणि मला उगाच अवघडल्यासारखं झालं होतं. खुर्चीला नंबर नसतात, जो आधी येईल तो पुढे बसेल. तिसऱ्या घंटेच्या आधी आत शिरायचं म्हणून रिक्षातून उतरून धावणारी चांगली धट्टीकट्टी माणसं मी तिथे पाहिली आहेत, कधी त्यांच्यातली एक मीही होते. ही शिस्त सुरुवातीपासूनची. शाळेच्या सभागृहात पोरं गप्प बसेपर्यंत पडदा न उघडणारी कंपनी जिने पाहिलीय, ती उशिरा येणाऱ्यांचे लाड कशाला करील?

तिच्यामागे हे नाट्यगृह आधी संजनाने आणि नंतर कुणालने सांभाळलं. २८ फेब्रुवारीला, तिच्या वाढदिवशी, तिथे तिच्या आठवणीत मैफल व्हायची आणि वर्षानुवर्षं ती झाकिर हुसेन यांनी वाजवली.

कुठून सुरुवात करू असं विचाराल, तर आधी ‘जुनून’, मग ‘३६ चौरंगी लेन’. नंतर वेळ मिळाला तर १९६५ चा ‘शेक्सपिअरवाला’ बघा. केंडलांच्याच कंपनीवर बेतलेली गोष्ट, आईवडील त्यात आहेत, नायिका फेलिसिटी, नायक शशी कपूर. जेनिफर? हॉटेल चालवणारी एक बाई थोडा वेळ येऊन जाते बघा, तीच. श्रेयनामावलीत नाव शोधू नका, दिलेलं नाही.