ऐंशी वर्षांच्या कारकिर्दीतला खंड

चि. ...,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मिळाले. नोकरी पत्करली तर रंगभूमी कायमची सुटेल, ही भीती तुला सतावते आहे आणि तिच्यापायी घरची ओढाताण आणखी वर्षभर सोसायची तयारी तू केली आहेस. तसे ठरवण्याआधी पोर्तुगालच्या अभिनेत्री युनीस मुन्योझ यांची कारकीर्द तू नीट पाहावीस, असे मला मनापासून वाटते.

त्यांचा जन्म १९२८ सालचा, आलेंतेजू प्रांतातल्या आमारेलेजा गावी, फिरत्या नाटकमंडळींच्या घरातला. २८ नोव्हेंबर १९४१ रोजी, वयाच्या १३ व्या वर्षी, लिस्बनच्या दोना मारिया द्वितीय राष्ट्रीय नाट्यगृहात त्या प्रथम उभ्या राहिल्या. अमेलिया रे कोलासो या थोर अभिनेत्री तेथील नाट्यसंस्थेची सूत्रे सांभाळत होत्या. त्यांच्यासारख्या ज्येष्ठांच्या सहवासात युनीस घडल्या आणि त्याच सुमारास त्यांनी नाट्यविद्यालयाचे शिक्षणही पूर्ण केले. १९४६ साली ‘कामोंइश’ हा त्यांचा पहिला चित्रपट आला आणि त्यातील भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

आणि एवढे सगळे पदरात असताना, १९५० च्या दशकाच्या आरंभी त्यांनी रंगभूमी सोडली. सुमारे चार वर्षे त्या नाटकापासून दूर होत्या. त्या काळात त्यांनी दुकानातही नोकरी केली. १९५५ मध्ये त्या परतल्या त्या लिस्बनच्या आवेनीदा नाट्यगृहात, झाँ आनुई या फ्रेंच नाटककाराच्या नाटकातली जोन ऑफ आर्क होऊन. जोन म्हणजे फ्रान्ससाठी लढलेली आणि खटला चालवून जाळली गेलेली तरुणी. ही भूमिका किती अवघड आहे, हे संहिता वाचलीस तर तुझ्या ध्यानात येईल. खटला चालू असतानाच जोन आपले पूर्वायुष्य पुन्हा जगून दाखवते, त्यामुळे ती मंचावरून जवळपास हलतच नाही. सहकलाकारांच्या आडोशाला उभे राहून गेलेला सराव भरून काढण्याची सोय तिथे नाही. माझ्या मते, पुनरागमनासाठी एखादी बेताची, सुरक्षित भूमिका शोधण्यापेक्षा असे ओझे उचलणेच शहाणपणाचे. प्रेक्षक तुला ‘परत आलेली नटी’ म्हणून पाहायचे विसरतील आणि पात्राकडे पाहू लागतील.

पुढची वर्षे सोपी होती, असे समजू नकोस. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत सेन्सॉर काय रंगवू द्यायचे ते ठरवत असे. ज्या जर्मन नाटककार ब्रेख्तची आपल्याला ‘अजब न्याय वर्तुळाचा’मुळे ओळख आहे, त्याची नाटके ती राजवट संपवणाऱ्या १९७४ च्या क्रांतीपर्यंत तिथल्या नटांच्या वाट्याला जवळजवळ आलीच नाहीत. युनीस यांनी त्याच्या नाटकातली ‘मदर करेज’ केली ती १९८६ साली, अठ्ठावन्नाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर. युद्धावर पोट भरणारी आणि युद्धातच मुले गमावणारी ती बाई तरुणपणी उत्तम वठवता येतेच, असे नाही. भूमिका हुकली की तू फार लवकर कष्टी होतेस, म्हणून हे मुद्दाम लिहितो आहे: काही भूमिकांचे वय यायचे असते.

१९९३ साली त्यांनी दूरचित्रवाणी मालिकेतही मध्यवर्ती भूमिका केली. मालिकेने नट बिघडतो, हा आपल्याकडचा समज मला पटत नाही. ज्याचा वाचिक अभिनय नाटकावर तयार झाला आहे, तो कॅमेऱ्यासमोर आवाज आवरू शकतो.

शेवटचा प्रयोग त्यांनी २८ नोव्हेंबर २०२१ रोजी, पदार्पणाला बरोबर ऐंशी वर्षे होत असताना, त्याच राष्ट्रीय नाट्यगृहात केला. सोबत त्यांची नात होती. पुढच्या एप्रिलमध्ये, ९३ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्या ऐंशी वर्षांत दुकानातली वर्षेही मोजली जातात आणि कुणाला ती खटकत नाहीत.

तेव्हा नोकरी घे. मात्र रोज सकाळी अर्धा तास मोठ्याने वाचन कर, तेही गद्य. लांब वाक्य एका श्वासात, अर्थ न तोडता पेलता येते का, ते पाहा. काउंटरपलीकडची माणसे पैसे मोजताना, घासाघीस करताना, नकार पचवताना कशी बोलतात, ते कान देऊन ऐक. सुट्टीच्या दिवशी एखाद्या हौशी संस्थेच्या तालमीला जाऊन बस, प्रॉम्प्टिंग करावे लागले तरी चालेल. आणि दिवाळीनंतर माझ्याकडे ये. तोवर जोनचा खटल्यातला एक प्रवेश पाठ करून ठेव.

तुझा,
सर