चेंबर्सचे ‘द एलिझाबेथन स्टेज’ एम.ए.च्या प्रबंधासाठी आज वापरावे का? कुठून सुरू करावे?

वापरा, पण राणी एलिझाबेथच्या काळातल्या इंग्रजी रंगभूमीवरचा हा संदर्भग्रंथ सलग वाचू नका. पहिला खंड दरबार आणि नाटकांवरच्या नियंत्रणाचा आहे. तिथून सुरुवात केली तर नाटकमंडळ्यांपर्यंत पोचेपर्यंत बहुतेकांचा धीर सुटतो. ई. के. चेंबर्स प्राध्यापक नव्हते, सरकारी शिक्षण खात्यात अधिकारी होते. १९२३ च्या या चार खंडांची मांडणीही सरकारी दप्तरासारखीच आहे, त्यामुळे दप्तर चाळतात तसेच ते चाळावेत.

आधी चौथा खंड उघडा. त्यातले परिशिष्ट ‘ए’ म्हणजे दरबाराची दिनदर्शिका, ‘सी’मध्ये नाटकांवरची टीका, ‘डी’मध्ये प्रिव्ही कौन्सिल (राजसत्तेचे सल्लागार मंडळ) व लंडन नगरपालिकेचे हुकूम आणि पत्रव्यवहार, ‘ई’मध्ये प्लेगच्या नोंदी. एकच मंडळी निवडा, समजा लॉर्ड ॲडमिरल्स मेन ही लंडनची नाटकमंडळी. दुसऱ्या खंडातला तिचा इतिहास वाचा आणि त्यातली प्रत्येक तारीख ‘डी’ व ‘ई’शी ताडून पाहा. नाटककार तिसऱ्या खंडात वर्णानुक्रमे आहेत. निनावी नाटके मात्र चौथ्यात गेली आहेत, ती हमखास नजरेतून सुटतात.

सर्वाधिक चुका तारखांत होतात. तेव्हाच्या इंग्लंडमध्ये कायदेशीर वर्ष २५ मार्चला सुरू होई. राणीविरुद्ध उठलेल्या अर्ल ऑफ एसेक्सच्या बंडाच्या आदल्या दिवशी त्याच्या पाठीराख्यांनी शेक्सपियरच्या ‘रिचर्ड दुसरा’चा प्रयोग करवला, त्यासंबंधीच्या जबानीवर फेब्रुवारी १६०० असे आहे; आपल्या हिशेबाने ते १६०१. जानेवारी ते मार्चमधला कोणताही कागद उद्धृत करताना वर्ष कुठल्या पद्धतीचे, हे तळटीपेत लिहाच.

नाट्यगृहांच्या रचनेसाठी मात्र एकट्या चेंबर्सवर विसंबू नका. त्यांच्या हाती लंडनच्या फॉर्च्यून नाट्यगृहाचा १६०० चा बांधकाम करार होता (बाहेरून ८० फूट चौरस, आतून ५५, रंगमंचाची रुंदी ४३ फूट) आणि स्वान नाट्यगृहाचे ते प्रसिद्ध रेखाचित्र, तेही नक्कलच. रोझ नाट्यगृहाचा पाया १९८९ मध्ये उघडा पडला, तर कर्टन नाट्यगृह गोल नसून आयताकृती होते हे २०१६ च्या उत्खननात दिसले. रोझचा मालक हेन्स्लो याच्या हिशेबवहीसाठी फोक्स आणि रिकर्ट यांची १९६१ ची आवृत्ती घ्या. १६१६ नंतरच्या काळासाठी बेंटलींच्या ‘द जॅकोबियन अँड कॅरोलाइन स्टेज’चे सात खंड आहेत, ते १६४२ पर्यंत जातात.

चेंबर्सच्याच १९०३ च्या ‘द मेडिव्हल स्टेज’बाबत जास्त सावध राहा. चर्चमधल्या उपासनेतून नाटक निघाले आणि हळूहळू बाजारात आले, हा त्यातला सरळ चढता आलेख मोहक आहे, पण १९६५ मध्ये अभ्यासक ओ. बी. हार्डिसन यांनी ‘ख्रिश्चन राइट अँड ख्रिश्चन ड्रामा इन द मिडल एजेस’ या निबंधसंग्रहात तो मोडला. साधी संहिता जुनी आणि गुंतागुंतीची नवी, असे आधीच गृहीत धरून क्रम लावला होता. हस्तलिखितांच्या तारखा तो क्रम पाळत नाहीत. त्या पुस्तकातली कागदपत्रे घ्या, उत्क्रांतीची गोष्ट घेऊ नका. मार्गदर्शकांनी जुन्या टिपणांवरून तीच शिकवली असेल, तर हार्डिसनचा पहिला निबंध त्यांच्यापुढे ठेवा.