विनोदी लेखकाला नाटक, सिनेमा आणि कथा-कादंबरी तिन्ही जमतं का? मराठीत पु. लं. सोडून असं कोण आहे?

प्रश्नात तुम्ही आधीच टाकलंय की पु. लं. सोडून कोणाचं तरी सांगा, म्हणजे माझं काम सोपं झालं, कारण माझ्या मते याचं खरं उत्तर आचार्य अत्रेच आहेत. आजकाल लोकांना अत्रे म्हटलं की एकतर संयुक्त महाराष्ट्राची भाषणं आठवतात नाहीतर व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे किस्से (त्यातले अर्धे कोणीतरी घरी बसून बनवलेले असावेत अशी मला दाट शंका आहे), आणि या सगळ्यात मूळ लेखक कुठेतरी हरवून जातो.

तुमच्या प्रश्नाचा पहिला भाग, जमतं का? तर तिन्हीकडे सारखं जमत नाही. अत्र्यांनाही नाही जमलं. पण त्यांच्याकडे एक हुकमी गोष्ट होती, सोंग. माणूस जो नाही ते असल्याचं दाखवतो आणि मग त्यातच अडकतो, ही एकच युक्ती ते आयुष्यभर वेगवेगळ्या ठिकाणी फिरवत राहिले. एकदा हे लक्षात आलं की त्यांचं अख्खं करिअर वेगळंच दिसायला लागतं बघा.

सुरुवात कवितेपासून. 'केशवकुमार' नावाने त्यांनी 'झेंडूची फुले' लिहिली, 1925 चं पुस्तक. तेव्हा पुण्यात रविकिरण मंडळाचे कवी जोरात होते, प्रेम, विरह, फुलं वगैरे, आणि अत्र्यांनी त्यांचाच आवाज काढून कविता केल्या. प्रियकराची आठवण काढावी त्या सुरात कपडे घेऊन गेलेल्या परटाला हाका मारायच्या, म्हणजे सूर एकदम गंभीर आणि विषय धोब्याचा. 'प्रेमाचा गुलकंद' तर माहितीच असेल, तो बिचारा रोज नेमाने गुलाब देतोय आणि शेवटी कळतं की बाईंनी त्या सगळ्याचा गुलकंद घालून बरणी भरून ठेवलीय. विडंबन म्हणजे दुसऱ्याचे कपडे घालून रस्त्यावर उतरणंच की, फक्त इथे ते कपडे शब्दांचे.

हे सगळं करताना माणूस पुण्यात कॅम्पातल्या शाळेचा हेडमास्तर होता, मधे लंडनला जाऊन शिक्षकीचा डिप्लोमाही करून आला. मला वाटतं त्यांचं टायमिंग वर्गातच तयार झालं असणार, पोरांसमोर वाक्य पडलं की तिथल्या तिथे कळतं, पेपरात छापून आल्यावर कोण हसलं ते कसं कळणार?

मग 1933 ला 'साष्टांग नमस्कार', बालमोहन नाटक मंडळीने केलं. बालमोहन मुळात पोरांची कंपनी, छोटा गंधर्व तिथलेच. त्या काळात सूर्यनमस्काराचं वारं जोरात होतं, औंधचे राजे स्वतः प्रचार करत होते, आणि अत्र्यांनी काय केलं तर नमस्कार हाच सगळ्या रोगांवर इलाज मानणारा एक रावबहादूर उभा केला आणि त्याच्या घरात आणखी एकेक खूळ घेतलेली माणसं सोडली. पुढच्याच वर्षी 'घराबाहेर', ते एकदम गंभीर, बाई घर सोडून जाते. मग 1935 ला 'भ्रमाचा भोपळा', 1936 ला 'उद्याचा संसार' आणि 'लग्नाची बेडी'. म्हणजे तीन-चार वर्षांत पाच नाटकं, हसवणारी आणि रडवणारी आलटून पालटून, तेही नोकरी सांभाळून. आजचा कोणी लेखक असा स्पीड दाखवेल का, मला शंकाच आहे.

सिनेमात ते मास्टर विनायकांच्या हंस पिक्चर्समधून आले. 1938 चा 'ब्रह्मचारी' हा माझ्या मते त्यांच्या विनोदाचा पडद्यावरचा सगळ्यात चांगला नमुना. औदुंबर नावाचा साधा पोरगा ब्रह्मचर्यावरचं भाषण ऐकून पेटतो, नट्यांचे फोटो फेकून देतो, व्यायाम सुरू करतो, आणि मग समोर येते नायिका, म्हणजे मीनाक्षी शिरोडकर, स्विमिंगच्या कपड्यात गाणं म्हणत. 1938 मधे! इथे बघा, नाटकात हेच दहा संवादांत सांगावं लागलं असतं, इथे कॅमेऱ्याने औदुंबरचं तोंड दाखवलं की काम झालं. पुढच्या वर्षी 'ब्रँडीची बाटली', दामुअण्णा मालवणकर म्युनिसिपालटीतले कारकून, दारूशी काडीचा संबंध नाही आणि औषधासाठी ब्रँडी शोधत गावभर फिरतायत. एक वस्तू आणि एक चेहरा, बास. लिहिणाऱ्याने शब्द कमी केले हे त्यातलं खरं कौशल्य, आणि अत्र्यांसारख्या बोलघेवड्या माणसाने ते केलं याचं मला जास्त कौतुक वाटतं.

कथा-कादंबरी मात्र मी थोडक्यात आटपतो. 'बत्ताशी', 'फुले आणि मुले' असे संग्रह आहेत, 'चांगुणा' कादंबरी आहे, पण ती काही विनोदी नाही. वाचायला बरं आहे सगळं, पण समोर प्रेक्षक नसला की अत्रे जरा सैल पडतात, समजावत बसतात. चिं. वि. जोशींचा चिमणराव जसा कागदावरच जिवंत होतो तसं यांचं होत नाही. हे माझं मत, पटत नसेल तर खाली भांडा.

आता खरी गंमत. अत्र्यांचं 'मोरूची मावशी' हे नाटक म्हणजे ब्रँडन टॉमसचं 1892 चं इंग्रजी नाटक 'चार्लीज आंट' मराठीत आणलेलं, पुरुष लुगडं नेसून मावशी होतो आणि लोक हसून हसून लोळतात. 1985 ला सुयोग नाट्यसंस्थेने परत आणलं तेव्हा विजय चव्हाणांनी जे काही केलं ते व्हिडिओवर आजही बघता येतं. आणि 1962 चं 'तो मी नव्हेच', एका खऱ्या खटल्यावरून घेतलेलं, मो. ग. रांगणेकरांचं दिग्दर्शन, फिरता रंगमंच, प्रभाकर पणशीकर एकामागून एक वेषात. निपाणीचा तंबाखूवाला लखोबा लोखंडे कोर्टात एकेका साक्षीदाराला शांतपणे सांगतो की तो मी नव्हेच. दोन्हीकडे युक्ती तीच, वेष बदलून लोकांना फसवणं. एकात बायका सुखरूप घरी जातात, दुसऱ्यात त्यांचे संसार उद्ध्वस्त होतात. प्रेक्षक मात्र दुसऱ्यातही हसतो, आणि हसता हसता आपण कोणाच्या बाजूने हसतोय हे कळून अंगावर काटा येतो. चाळीस वर्षं विनोद लिहिल्याशिवाय असं नाटक लिहिता येणार नाही असं मला ठामपणे वाटतं.

या मधल्या काळात 'नवयुग' साप्ताहिक, 1956 पासून 'मराठा' दैनिक, राजकारण, भांडणं, सगळं चालूच होतं. आणि विनोदी लेखक म्हणून गाजलेल्या या माणसाला राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक कशासाठी मिळालं, तर 1953 च्या 'श्यामची आई' सिनेमासाठी, ज्याने अख्ख्या महाराष्ट्राला रडवलं.

वाचायचं असेल तर 'झेंडूची फुले'पासून सुरू करा आणि मोठ्याने वाचा, मनातल्या मनात निम्मी मजा जाते. मग 'तो मी नव्हेच'. 'कऱ्हेचे पाणी' हे आत्मचरित्र सगळ्यात शेवटी, खंडच्या खंड आहेत आणि स्वतःबद्दल लिहिताना त्यांनी हात अजिबात आखडता घेतलेला नाही, तेव्हा थोडं मीठ जवळ ठेवून, म्हणजे सगळंच खरं न मानता वाचा.