सज्ञान पत्नीला माहेरच्यांनी अडवून ठेवलंय. हेबियस कॉर्पस टाकली तर कोर्ट तिला माझ्याकडे परत देईल का?

तुम्ही लिहिलंय की दोघंही सज्ञान आहात, लग्न नोंदवलेलं आहे, 'आजी आजारी आहे' असं सांगून माहेरचे पत्नीला घेऊन गेले आणि तेव्हापासून तिचा फोन बंद आहे. हेबियस कॉर्पस, म्हणजे अडवून ठेवलेल्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करायला लावणारी याचिका, जरूर टाका, उशीर करू नका. पण 'परत देईल का' हा प्रश्न कोर्टापुढे नसतोच. तिला मर्जीविरुद्ध कोणी अडवून ठेवलंय का, एवढंच कोर्ट बघतं. सज्ञान बाई कुणाच्या ताब्यात द्यायची नसते. वडिलांच्या नाही, तुमच्याही नाही.

म्हणून मसुद्यातली शेवटची मागणी स्वतः वाचा. 'पत्नीचा ताबा अर्जदारास द्यावा' असं लिहिलं असेल तर काढायला लावा. 'तिला कोर्टापुढे हजर करावं, न्यायमूर्तींनी तिच्याशी एकांतात बोलावं आणि तिला हवं तिथे जाऊ द्यावं' अशी मागणी हवी.

त्याआधी पोलिसांत लेखी अर्ज द्या आणि शिक्क्याची पोच घ्या. अर्ज घेत नसतील तर पोलीस अधीक्षकांना किंवा आयुक्तांना स्पीड पोस्टाने पाठवा. इथे एक चूक फार महाग पडते: लोक 'मिसिंग' नोंदवतात. मग पोलीस तिच्या घरी फोन करतात, 'मुलगी आईवडिलांकडे सुखरूप आहे' असं लिहितात आणि प्रकरण मिटतं. ती हरवलेली नाही, अमुक पत्त्यावर अमुक लोकांनी डांबून ठेवली आहे, असं स्पष्ट लिहा. पत्ता पक्का माहीत असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 खाली दंडाधिकाऱ्यांकडून झडतीचं वॉरंटही मागता येतं.

उच्च न्यायालयातली याचिका संविधानाच्या कलम 226 खाली होते. राज्य सरकार, संबंधित पोलीस ठाणे आणि अडवणारे नातेवाईक यांना प्रतिवादी करा. लग्नाचा दाखला, दोघांचे फोटो, पोलीस अर्जाची पोच आणि तिचे शेवटचे मेसेज तारखेसह जोडा. सगळ्यात महत्त्वाचा कागद तिच्या वयाचा. 'मुलगी अल्पवयीन आहे' हा पहिला बचाव येऊ शकतो आणि तिथे आधार कार्डावर विसंबू नका. दहावीचं प्रमाणपत्र किंवा जन्मदाखला लावा. तिची मूळ कागदपत्रं माहेरी अडकली असतील तर तुमच्या विवाह नोंदणीच्या फायलीत वयाच्या पुराव्याची प्रत असेल, ती मिळवा.

याचिकेतच लग्न वैध की अवैध यावर वाद घालायला जाऊ नका. केरळ उच्च न्यायालयाने 2017 मध्ये हेबियस कॉर्पसमध्येच एक लग्न रद्दबातल ठरवलं होतं. शफीन जहाँ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2018 मध्ये तो निकाल फिरवला. सज्ञान व्यक्तीने कुणाशी लग्न करावं हा तिचा हक्क आहे, असं त्या निकालात स्पष्ट म्हटलंय.

खरी लढाई हजर करण्याच्या दिवशी असते. भाऊ-काकांच्या गाडीतून आलेली, वाटेत 'तू बोललीस तर आई जीव देईल' हे ऐकत आलेली मुलगी काय सांगणार? म्हणून तिला महिला पोलिसांसोबत, नातेवाईकांपासून वेगळं आणावं, अशी मागणी आधीच करा. देवू जी. नायर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये मार्गदर्शक सूचना दिल्या आहेत: अशा याचिकांना प्राधान्य द्यावं, न्यायमूर्तींनी संबंधित व्यक्तीशी स्वतः खासगीत बोलावं, समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नये. वकिलांना तो निकाल हाताशी ठेवायला सांगा. चेंबरमध्ये तुम्हीही नसाल, तिचे वडीलही नसतील. असंच असायला हवं.

तिने खरोखर मोकळेपणी 'मला माहेरीच राहायचंय' असं सांगितलं तर ते मान्य करा. याचिका तिथेच संपते. दबावाची ठोस शंका असेल तर पुन्हा एकांतात विचारण्याची विनंती वकील त्याच वेळी करू शकतात, पण तिच्यावर ओरडू नका, तिच्या मागे धावू नका. तुमच्यासोबत यायचं म्हणाली तर कोर्टातून बाहेर पडण्याआधी त्याच आदेशात दोन गोष्टी मागून घ्या: घरापर्यंत पोलीस संरक्षण, आणि माहेरी राहिलेली तिची मार्कशीट, पासबुक, ओळखपत्रं परत देण्याचा निर्देश.