स्कोप बदलण्याआधी माउंट तपासा

प्रश्न : माझ्याकडे नळी मोडून (म्हणजे सांध्यात खाली वाकवून) भरायची, स्प्रिंगची ५.५ मिमी एअर रायफल आहे. तिच्यावर ३-९×४० चा (३ ते ९ पट झूम, ४० मिमीचं भिंग) स्कोप, म्हणजे नेमाची दुर्बीण, दोन सुट्या रिंगांवर बसवला आहे. झिरो (नेम आणि छर्रा एका जागी जुळवणं) नीट होतो, सुरुवातीचे छर्रे एका जागी पडतात आणि मग नेम भरकटायला लागतो. स्क्रू पिळून पिळून एकाचं डोकं गोल झालं. दुकानदार म्हणतात, स्कोप गेला, नवा घ्या. घ्यावा का?

उत्तर : इतक्यात घेऊ नका. आधी नीट बसणारा नेम हळूहळू भरकटतो, हे लक्षण बहुतेक वेळा माउंट, म्हणजे रिंगांसकट स्कोपला रायफलीवर धरून ठेवणारा जोड, सरकण्याचं असतं. ‘स्कोप खराब’ म्हणून माझ्या टेबलावर स्प्रिंगची रायफल आली की मी स्कोपमधून बघायच्या आधी माउंट काढून रेल, म्हणजे रायफलीवरची माउंट बसवायची पट्टी, बघतो. माउंटचा जबडा रेलच्या कडेला जिथे धरतो, तिथल्या काळ्या रंगावर चकचकीत ओरखडा दिसतो. असतो जेमतेम दोन-तीन मिलिमीटरचा, पण ओढलेला मागच्या बाजूला, दस्त्याकडे. तो दिसला की निदान झालं.

मागेच का, हे कळलं तर पुढचं सगळं काम सोपं जातं. घोडा दाबला की स्प्रिंग पिस्टनला पुढे ढकलते आणि रायफल मागे येते. हा पहिला धक्का. पिस्टन सिलिंडरच्या टोकाशी पोचतो तेव्हा समोर दाबलेली हवा त्याला एकदम थोपवते, आणि आता अख्खी रायफल झटक्याने पुढे जाते. हा दुसरा धक्का, आणि माउंटला हाच नडतो. रायफल पुढे पळते, स्कोपचं वजन मात्र जागच्या जागी राहू पाहतं, म्हणजे रेलच्या हिशेबाने मागे सरकतं. दर छर्र्याला केसाएवढं सरकलं तरी थोड्या वेळात नेम हातचा जातो. स्प्रिंगच्या जागी गॅसचा नळा असलेल्या रायफलीतही पिस्टन असतोच, त्यामुळे तिथेही हेच घडतं. आधीच भरलेल्या हवेवर चालणाऱ्या पीसीपी रायफलीत पिस्टन नाही, धक्का नावापुरता, म्हणून तिथे साध्या रिंगाही वर्षानुवर्षं हलत नाहीत.

तेव्हा स्क्रू आणखी पिळणं हा उपाय नव्हे. नुसत्या पकडीवर हा दुसरा धक्का थोपवता येत नाही. माउंटच्या मागे काहीतरी आडवं हवं. जास्त पिळल्यावर स्क्रूचं डोकं गोल होतं, अॅल्युमिनियमचे आटे जातात, आणि रिंगा फार आवळल्या तर स्कोपची नळी दबून आतली यंत्रणा अडकते. मग चांगला स्कोप खरोखरच खराब होतो.

आता कामाला लागू. रायफल रिकामी आहे आणि ताणलेली नाही, याची नळी मोडून, डोळ्यांनी बघून खात्री करा. माउंटला हात लावण्याआधी दस्त्याचे स्क्रू तपासा, विशेषतः पुढचे दोन बाजूचे. स्प्रिंगच्या रायफलीत ते सारखे ढिले होतात, आणि ते ढिले असले की नेम असाच भटकतो. नळी जिथे मोडते त्या सांध्यात खेळ आहे का, हेही नळी आडवी हलवून बघा. यातलं काही ढिलं असेल तर ते आवळा, छर्रे मारून बघा. काम तिथेच संपू शकतं.

नाही संपलं, तर रेलचा वरचा सपाट भाग बघा. मागच्या बाजूला एक किंवा अधिक गोल भोकं असतात. ती शोभेची नाहीत, माउंटच्या खिळीसाठी आहेत. एअर रायफलीसाठीच बनवलेल्या चांगल्या माउंटच्या पोटात एक छोटा उभा स्क्रू असतो. वरून अॅलन की घालून फिरवला की त्याचं टोक खाली येतं आणि भोकात बसतं. बसवताना दोन गोष्टी सांभाळा. खिळी भोकाच्या तळाला टेकेपर्यंत फिरवा आणि मग अर्धा फेरा मागे घ्या. जास्त फिरवली तर ती माउंटलाच रेलवरून वर उचलते आणि जबड्याची पकड सुटते. दुसरं, जबडा आवळण्यापूर्वी अख्खा माउंट मागे ढकला, खिळी भोकाच्या मागच्या काठाला भिडू द्या, आणि मगच आवळा. खिळी भोकाच्या मधोमध राहिली तर उरलेलं अंतर माउंट सरकून भरून काढणारच. भोकच नसेल तर वेगळा स्टॉपर मिळतो, छोटा ठोकळा असतो, तो रेलवर माउंटच्या मागे अगदी चिकटवून आवळायचा.

दोन सुट्या रिंगांऐवजी अखंड, एकाच तुकड्याचा माउंट घ्या, असं मी तुम्हाला आग्रहाने सांगेन. सुट्या रिंगांमध्ये खिळी एकाच रिंगेला बसते. दुसरीला धरून ठेवायचं काम स्कोपच्या नळीवर पडतं, आणि मग नळीच रिंगांमधून घसरते. खर्च करायचाच असेल तर तो इथे करा.

बसवण्यापूर्वी रेल, जबडा आणि रिंगांची आतली बाजू स्पिरिटच्या फडक्याने पुसून कोरडी करा. गंज लागू नये म्हणून लावलेलं तेल नेमकं इथेच साचतं. रिंगांचे स्क्रू एकेक पाव फेरा, कर्णाच्या क्रमाने आवळा; दोन्ही बाजूंची फट सारखी राहिली पाहिजे. टॉर्कचा पेचकस असेल तर रिंगांना साधारण २ न्यूटन मीटर पुष्कळ. नसेल तर अॅलन कीचं लांब टोक स्क्रूत घाला आणि आखूड टोक दोन बोटांनी फिरवा. बोटांना जेवढं जमेल तेवढं बस. स्क्रूवर लावायचं निळं लॉकर जबड्याच्या स्क्रूंना थेंबभर चालेल, लाल मात्र कुठेच नको.

पूर्ण आवळण्यापूर्वी डोळ्याचं अंतर, म्हणजे डोळा आणि स्कोपचं मागचं भिंग यांच्यातलं अंतर, ठरवा. स्कोप सगळ्यात मोठ्या झूमवर ठेवा, कारण तिथे डोळ्याला सवलत सगळ्यात कमी असते. डोळे मिटून गाल नेहमीसारखा दस्त्यावर टेकवा आणि डोळा उघडा. कडेला काळी सावली न येता पूर्ण गोल दिसला पाहिजे. बहुतेक स्कोपना हे अंतर ७५ ते ९० मिमी लागतं. खिळीमुळे माउंटची जागा पक्की झालेली असते, तेव्हा सरकवायचा तो रिंगांमधला स्कोप. स्कोपचं पुढचं भिंग रायफलीच्या नळीला किंवा तिच्या मूळच्या नेमाच्या मागच्या खाचेला लागत नाही ना, हे नळी पूर्ण मोडून बघा.

मग स्कोपमध्ये दिसणारी नेमाची फुली सरळ करा. आठ-दहा मीटरवर दोऱ्याला वजन बांधून ओळंबा टांगा. रायफलीच्या रेलवर आडवी पाणपातळी ठेवून रायफल सरळ करा, आणि स्कोपची उभी रेघ दोऱ्याला जुळेपर्यंत स्कोप फिरवा. फुली तिरकी राहिली तर एका अंतरावर झिरो होईल, पण अंतर बदललं की छर्रे बाजूला पडतील. रिंग आवळताना स्कोप थोडा फिरतोच, म्हणून शेवटी पुन्हा एकदा ओळंब्याला लावून बघा.

आता परीक्षा. माउंटच्या मागच्या कडेला लागून रेलवर अणकुचीदार पेन्सिलीने बारीक रेघ ओढा. चाळीसेक छर्रे मारा आणि चांगल्या उजेडात रेघ बघा. माउंट रेघेवर चढला असेल तर तो अजून सरकतोय. जागचा हलला नाही आणि तरी नेम भटकतो, तर स्कोप उतरवून रायफलीच्या मूळच्या माशी-खाचेने (पुढची माशी आणि मागची खाच जुळवून) छर्रे मारा. त्याने छर्रे एका जागी पडले, तर स्कोपमध्येच दोष आहे, आणि मग दुकानदारांचं म्हणणं मान्य करा. नवा घेताना तो स्प्रिंग एअर रायफलीसाठी आहे असं खोक्यावर लिहिलंय का बघा. बंदुकीसाठी बनवलेले कितीतरी स्कोप फक्त मागचा धक्का सोसतात, हा उलटा पुढचा झटका त्यांना सोसत नाही.

आणि एक कळकळीची विनंती. या चाचणीत छर्रे वाचवायला रिकामी रायफल झाडू नका. छर्रा नसला की पिस्टनपुढे हवेची उशी तयार होत नाही, तो थेट सिलिंडरच्या टोकावर आदळतो.

प्रश्न : माझ्या रायफलीवर माउंट घट्ट आहे, सरकत नाही. पण छर्रे २० मीटरवर ४ सेंटीमीटर खाली पडतात आणि वरचा टरेट (नेम वर-खाली करायचं स्कोपवरचं चाक) ‘वर’च्या दिशेने संपला. आता काय?

उत्तर : तुमची नळी रेलच्या मानाने किंचित खाली झुकलेली आहे. नळी मोडून भरायच्या रायफलींमध्ये हे सर्रास आढळतं, बिघाड समजू नका. टरेट टोकापर्यंत रेटलेला ठेवणं मात्र वाईट. टोकाला आतली स्प्रिंग सैल पडते आणि क्लिक विश्वासाचे राहत नाहीत.

आधी टरेट मध्यावर आणा. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत क्लिक मोजा आणि निम्मे मागे या. मग त्याच अंतरावर छर्रे पुन्हा मारा आणि किती खाली पडतात ते मोजा. ते आता ४ सेंटीमीटरपेक्षा बरेच जास्त येईल, आणि खरा आकडा तोच.

आता मागची रिंग उंच करायची. हिशेब सोपा आहे : दोन रिंगांमध्ये १०० मिमी अंतर असेल, तर मागच्या रिंगेखाली ०.१ मिमीची पट्टी घातल्यावर छर्रा दर मीटरला १ मिमी वर जातो, म्हणजे २० मीटरवर २ सेंटीमीटर. पातळ पत्र्याची किंवा जुन्या कॅमेऱ्याच्या फिल्मची पट्टी रिंगेच्या खालच्या निम्म्या भागात घाला. कागद नको, तो दबतो. एक पट्टी, फार तर दोन. त्याहून जास्त लागत असेल तर थांबा. पुढची रिंग सरळ आणि मागची वर, अशात आवळल्यावर स्कोपची नळी वाकते. मग उंची बदलता येणारा माउंट, किंवा मुळातच मागे उंच केलेला माउंट घ्या.

प्रश्न : नवीन माउंट रेलवर बसतच नाही. रेल कापावी का?

उत्तर : कानस खाली ठेवा. रेल दोन जातींच्या असतात. बहुतेक एअर रायफलींवर दोन बाजूंना तिरप्या खाचा असलेली ११ मिमीची अरुंद रेल असते. रुंद, आडव्या चौकोनी खाचांची साधारण २१ मिमीची रेल ही विव्हर किंवा पिकाटिनी. तुम्ही दुसऱ्या जातीचा माउंट आणलेला दिसतो, बदलून घ्या. ११ मिमीला २१ मिमी करणारे जोडतुकडे मिळतात, पण स्प्रिंगच्या रायफलीवर मी ते सुचवत नाही. सरकायला आणखी एक सांधा तयार होतो आणि स्कोपही उगाच उंच जातो.

प्रश्न : मुलगी क्लबमध्ये १० मीटर एअर रायफल शिकते. तिच्या सरावाच्या रायफलीवर स्कोप बसवून दिला तर नेम लवकर सुधारेल का?

उत्तर : १० मीटरच्या स्पर्धेत दुर्बीण चालत नाही. तिथे मागे बारीक भोकाचा डायॉप्टर आणि पुढे गोल कडी असते, आणि तिला डोळ्याची सवय त्याच्याशीच लावायची आहे. त्या रायफलीची रेल डायॉप्टरसाठी मोकळी राहू द्या. सुधारणा हवी असेल तर तिच्या प्रशिक्षकांना दस्त्याची लांबी आणि गालाच्या टेकूची उंची तपासायला सांगा. वाढत्या वयात ही मापं फार लवकर बदलतात.