अनेक वास्तवं असतात का, आणि जाणीव एकातून दुसऱ्यात नेता येते का?

तुम्ही लिहिलंय की वडील गेले, त्यानंतर गोव्यात हरमलला एका वर्कशॉपमध्ये सांगितलं की ज्या वास्तवात ते अजून जिवंत आहेत तिथे जाणीव शिफ्ट करता येते, त्यासाठी पहाटे तीनचा अलार्म लावून उठायचं आणि प्रॅक्टिस करायची, आणि इतके महिने करूनही काही होत नाहीये. माझं उत्तर असं की वास्तवं अनेक आहेत, मला त्यात शंका नाही. पण जाणीव त्यांच्यातून फिरत नाही, ती कुठे जातही नाही आणि येतही नाही.

तिकडे क्वांटम भौतिकशास्त्राचं नाव घेतलं असणार, म्हणून ते आधी सांगतो. ह्यू एव्हरेट ह्या भौतिकशास्त्रज्ञाने 1957 साली प्रिन्स्टनला जी कल्पना मांडली, जिला पुढे 'अनेक विश्वं' असं नाव पडलं, तिच्यात जाणिवेला काही खास जागाच नाही. जे घडू शकतं ते सगळं आपापल्या शाखेत घडतं आणि शाखा एकदा वेगळ्या झाल्या की व्यवहारात त्यांचा एकमेकींशी संबंध राहत नाही. म्हणजे तुम्हाला जे हवंय ते तिथून मिळत नाही, उलट ती दारं बंद आहेत असंच ते गणित सांगतं.

आपल्याकडे हा विचार फार जुना आहे आणि त्यासाठी हरमलला जायचीही गरज नाही. फोंड्यात कवळ्याला जो मठ आहे तो गौडपादाचार्यांच्या नावाचा, आणि गौडपादांनी, म्हणजे अद्वैताच्या एका जुन्या आचार्यांनी, मांडूक्य उपनिषदावर कारिका लिहिल्या, म्हणजे श्लोकांतून केलेलं विवरण. उपनिषद म्हणाल तर फक्त 12 मंत्रांचं. जागेपण, स्वप्न, गाढ झोप आणि ह्या तिघांनाही बघणारं ते चौथं, तुरीय. गौडपाद सरळ म्हणतात की स्वप्नातली वस्तू आणि जागेपणीची वस्तू, दोन्ही सारख्याच खोट्या. त्यांचा दाखला जळक्या कोलतीचा आहे. अंधारात ती गरागरा फिरवली की आगीचं वर्तुळ दिसतं, पण ते वर्तुळ कोलतीतून बाहेरही पडत नाही आणि हात थांबला की परत आतही जात नाही.

आता इथून पुढचं माझं स्वतःचं, वाचून आणि घरात बघून बनलेलं, कुठल्या ग्रंथात असंच्या असं शोधू नका, पण मी ह्याच्यावर जगतो. माझं म्हणणं असं की वास्तव साक्षीने घट्ट होतं. जाणीव एकच आहे पण ती पुष्कळ जणांतून बघते, आणि एक गोष्ट जितक्या जणांतून बघितली जाते, धरून ठेवली जाते, तितकी ती टणक होते. स्वप्नाला साक्षीदार एकटे तुम्ही, म्हणून डोळे उघडले की संपलं. गावच्या राखणदाराला, म्हणजे गाव राखणाऱ्या न दिसणाऱ्या देवाला, सगळा वाडा धरून आहे, दरवर्षी रोटाचा नैवेद्य दिला जातो, रात्री त्याच्या वाटेवर कोणी मोठ्याने बोलत नाही, म्हणून तो आहे, आणि तो आहे म्हणून माणसं तिथे वेगळी वागतात. मग कोणी बघत नसताना डोंगर नसतो का असं विचाराल, तर असतो, कारण बघणारी फक्त माणसंच आहेत असं मी मानत नाही.

हे मला आजीमुळे कळलं. तिला आता कालचं आठवत नाही. तपासणीला बांबोळीला नेताना पर्वरीचा उतार संपत आला की ती चपला काढून हातात घेते आणि साडी जरा वर धरते, कारण तिच्या जगात मांडवीवर पूलच नाही, बेतीहून पणजीला गॅसोलिनीतून, म्हणजे तेव्हाच्या मोटरलाँचीतून, जायचं असतं आणि चढताना पाय भिजतात. आम्ही पुलावर असतो, तोही त्या नदीवरचा पहिला पूल नव्हे, तो 1986 ला पडला, आणि आता तर वरून अटल सेतू गेलाय. पण आई तिला म्हणते, "थांब गे आई, गॅसोलिन येता," कारण लहानपणी तीही त्यात बसलेली आहे. माझा मावसभाऊ म्हणतो हा भ्रम आहे, तुम्ही तिला नादी लावताय. मला तसं वाटत नाही. भ्रम एकट्याचा असतो, आणि इथे दोघीजणी एकाच धक्क्यावर उभ्या असतात, मधे चारचाकी आणि मी असूनही. आजीची जाणीव कुठे शिफ्ट झालेली नाही, ती माझ्या शेजारीच बसलेली आहे, फक्त दुसरं वास्तव तिच्यापुढे आलंय आणि आई ते तिच्याबरोबर धरून आहे.

म्हणून तुमच्या वडलांबद्दल मला जे वाटतं ते असं की ते आणि तुम्ही मिळून जे धरून होता, त्यातलं त्यांच्या बाजूचं टोक सुटलंय, तुमच्या बाजूचं सुटलेलं नाही. ते एकट्याने रात्री ओढत बसलात तर त्याचं स्वप्नच होणार, कारण साक्षीदार एकच. दुसरे साक्षीदार शोधा. तुमची आई असेल, काका असतील, वडलांबरोबर रोज कामाला जाणारं कोणी असेल, त्यांना जाऊन भेटा आणि तुम्ही जन्मायच्या आधीचे वडील कसे होते ते विचारा, बारीकसारीक विचारा, काय खायचे, कोणावर चिडायचे, चालताना हात कसे ठेवायचे. ते परत येतील असं मी म्हणत नाही, पण त्यांचं जग तुम्हाला वाटतंय त्यापेक्षा खूप जास्त उभं आहे.

आणि तो अलार्म आजच काढून टाका. मांडूक्याने गाढ झोपेला आनंदाची जागा म्हटलंय, तिथे दुसरं कोणी म्हणून उरतच नाही, वडीलही वेगळे नाहीत आणि तुम्हीही नाही, आणि नेमकी तीच तुम्ही रोज मोडताय. अलार्म काढूनही झोप लागत नसेल तर डॉक्टरांना दाखवा, ह्यात लाजण्यासारखं काही नाही.