अ‍ॅडमिरल, आरमार आणि चंदावल

नांदेडला राहून स्पर्धा परीक्षांची तयारी करणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारले आहे की, तिच्या टिपणांत ‘रिअर अ‍ॅडमिरल हे पश्चिमी बेड्याचे प्रमुख असतात’ असे वाक्य आहे. त्यातला ‘बेडा’ म्हणजे काय, ‘रिअर’ म्हणजे मागचा असेल तर हा अधिकारी कोणाच्या मागे असतो, आणि अ‍ॅडमिरलला मराठीत दर्यासारंग, सरखेल आणि नौसेनापती यांपैकी नेमके काय म्हणावे. तिन्ही प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत, म्हणून उत्तर थोडे सविस्तर देतो.

‘बेडा’ हा शब्द हिंदीतून जसाच्या तसा उचललेला आहे. हिंदीत बेड़ा म्हणजे नौकांचा समूह आणि त्यावरूनच नौदलाच्या पश्चिमेकडील युद्धनौकांच्या समूहाला हिंदीत ‘पश्चिमी बेड़ा’ म्हणतात. मराठीत ‘बेडा पार होणे’ एवढ्या उसन्या प्रयोगापलीकडे हा शब्द रुजलेला नाही, आणि ‘बेड्याचे’ असे सामान्यरूप वाचले की मराठी वाचकाला आधी हातापायांतल्या बेड्या आठवतात. शिवाय ‘पश्चिमी’ हे विशेषणही मराठीच्या वळणाचे नाही. आपण पश्चिम घाट म्हणतो, पश्चिम महाराष्ट्र म्हणतो. त्या विद्यार्थिनीच्या टिपणात ‘पश्चिम आरमार’ असे असायला हवे होते.

मात्र ‘आरमार’ या शब्दाशी एक अडचण आहे आणि ती स्पष्ट केली पाहिजे. हा शब्द आपण पोर्तुगीजांकडून घेतला. त्यांच्या ‘आर्मादा’चे मराठी तोंडी आरमार झाले. मुळात त्याचा अर्थ शस्त्रसज्ज जहाजांचा समूह असा आहे, परंतु मराठीत तो लवकरच राज्याच्या संपूर्ण सागरी बळासाठी वापरला जाऊ लागला. ‘आज्ञापत्र’ या शिवकालीन परंपरेतल्या राजनीतिविषयक ग्रंथात आरमाराला स्वतंत्र राज्यांग म्हटले आहे, तिथे हाच व्यापक अर्थ आहे. त्याच प्रकरणात पाच गुराबा (मोठ्या लढाऊ नौका) आणि पंधरा गलबते (लहान नौका) मिळून एक सुभा बांधावा आणि सर्वांनी सरसुभ्याच्या आज्ञेत राहावे, अशी व्यवस्था सांगितली आहे. म्हणजे संपूर्ण दलासाठी आरमार आणि त्यातल्या एका लढाऊ गटासाठी सुभा, असा भेद आपल्या पूर्वजांनी केलेला होता. पुढे पेशवाईत विजयदुर्गाच्या धुळप घराण्याकडे ‘सुभा आरमार’ होता, तो याच परंपरेतला. विसाव्या शतकात संपूर्ण दलासाठी ‘नौदल’ हा शब्द स्थिरावला, त्यामुळे आरमार मोकळे झाले आणि आता ते नौदलाच्या एका मोठ्या लढाऊ विभागासाठी वापरणे सोयीचे झाले आहे. १९७१च्या डिसेंबरात बंगालच्या उपसागराकडे अमेरिकन जहाजे निघाली, तेव्हापासून ‘अमेरिकेचे सातवे आरमार’ हा शब्दप्रयोग मराठवाड्यातल्या ज्या माणसाने समुद्र पाहिलेला नाही त्याच्याही कानांवर आहे, आणि तो योग्यच आहे. वस्तुतः तेव्हा सातव्या आरमाराची सगळी जहाजे आली नव्हती. एंटरप्राइज या विमानवाहू नौकेच्या भोवती उभारलेले, ७४ क्रमांकाचे एक कृतिदल आले होते. म्हणून नौदल, त्याच्या पोटात आरमार, आरमारातून एखाद्या कामगिरीसाठी काढलेले कृतिदल, अशी उतरंड लक्षात ठेवावी. ‘ताफा’ हा शब्दही चांगला आहे, पण तो अरबी ‘ताइफा’वरून आला असून कोणत्याही टोळीला लागतो. मंत्र्यांच्या गाड्यांचा ताफा असतो आणि पूर्वी नाचगाण्याचाही ताफा असे, म्हणून विशिष्ट आणि कायम संघटनेचे नाव म्हणून तो वापरू नये; बंदरात आलेल्या चार जहाजांना ताफा म्हटले तर काही बिघडत नाही.

आता अ‍ॅडमिरल. हा शब्द इंग्रजीतून आला म्हणून परका, असे समजणाऱ्यांना त्याचे मूळ ऐकून आश्चर्य वाटेल. तो मुळात अरबी ‘अमीर’ आहे, आणि अमीर म्हणजे हुकूम करणारा. अरबीत समुद्रावरील सेनानीला ‘अमीर-अल-बहर’ म्हणत. बाराव्या शतकात सिसिली बेटावर नॉर्मन राजांची सत्ता होती. त्यांच्या दरबारात आधीच्या मुसलमानी राजवटीतले पुष्कळ अधिकारशब्द तसेच चालू राहिले, आणि दुसऱ्या रॉजरच्या आरमाराचा प्रमुख, अँटिऑकचा जॉर्ज, हा लॅटिन कागदपत्रांत ‘अमीरांचा अमीर’ अशा अर्थाचे बिरुद लावत असे. तिथून हा शब्द भूमध्य समुद्राच्या काठाकाठाने युरोपभर गेला. त्याच्या शेवटी जो ‘अल’ ऐकू येतो, तो अरबीतला ‘अल’ हा इंग्रजी ‘द’सारखा तुकडा असून पुढचा ‘बहर’ गळून पडला, असे पुष्कळ कोशकार मानतात. लॅटिन प्रत्ययाचाही त्यात हात असावा, असे दुसरे मत आहे. मधला ‘ड’ मात्र निश्चितपणे नंतर शिरला. लॅटिनमध्ये कौतुक करणे या अर्थाचा जो धातू आहे, त्याच्याशी गल्लत होऊन तो आला. मूळ शब्दाशी त्याचा काही संबंध नाही.

मराठवाड्यातल्या माणसाला हे कूळ समजावून सांगण्याची फारशी गरज पडू नये. १७ सप्टेंबर १९४८पर्यंत ज्या निजामाच्या राज्यात आपण होतो, त्याचे नाव मीर उस्मान अली खान, आणि त्यातला ‘मीर’ म्हणजे अमीरचाच आखूड झालेला अवतार. आपण सरदार-उमराव म्हणतो, त्यातला ‘उमराव’ हे अमीर या शब्दाचे अरबी अनेकवचन आहे. गंजिफांच्या खेळात राजाच्या पानाला मीर म्हणतात, आणि ‘मोठा मीर मारला’ असे आपण म्हणतो त्यातला मीरही याच घरातला. माझ्या वडिलांच्या पिढीत ज्यांचे शिक्षण उर्दूतून झाले, ते नौदलाच्या प्रमुखाला सहज ‘अमीरुल बहर’ म्हणत. त्यांच्या तोंडी हा शब्द युरोपला न जाता थेट आला होता. तेव्हा अ‍ॅडमिरल हा शब्द मराठीत ठेवल्याने भाषा बाटत नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. उमरावाचा तो दूरचा भाऊ आहे.

‘रिअर’ आणि ‘व्हाइस’ यांचा उलगडा शिडाच्या जहाजांच्या काळात होतो. इंग्रजांचे आरमार लढाईला निघाले की एका लांब रांगेत चाले आणि त्याचे तीन भाग असत. मधल्या भागात स्वतः अ‍ॅडमिरल असे, पुढच्या भागावर त्याचा दुय्यम म्हणजे व्हाइस अ‍ॅडमिरल असे, आणि पिछाडीचा भाग तिसऱ्या अधिकाऱ्याकडे असे, तो रिअर अ‍ॅडमिरल. शत्रूची पहिली गाठ पुढच्या भागाशी पडणार आणि पिछाडीला धोका तुलनेने कमी, म्हणून मानाचा क्रमही तसाच लागला. या तीन भागांना पुढे लाल, पांढरे आणि निळे निशाण मिळाले, आणि ती रंगांची विभागणी इंग्रजांनी १८६४ साली बंद केली. जहाजांची रांग गेली, रंग गेले, हुद्दे मात्र राहिले. आज रिअर अ‍ॅडमिरल कोणाच्याही मागे नसतो.

मला या ठिकाणी विशेष आनंद वाटतो तो यासाठी, की नेमकी हीच रचना सांगणारे शब्द मराठीत आधीपासून आहेत. मराठ्यांच्या फौजा निघत तेव्हा पुढची तुकडी ती बिनी, आणि तिचा मान ज्या घराण्याकडे होता ते बिनीवाले. सर्वांत मागून, बाजारबुणग्यांना आणि सामानाला सांभाळत येणारी तुकडी ती चंदावल. ‘बिनीचा शिलेदार’ आपण आजही म्हणतो, चंदावल मात्र इतिहासाच्या पुस्तकांपुरता उरला आहे. रिअर अ‍ॅडमिरल म्हणजे अर्थाने आरमाराच्या चंदावलीचा सरदार. कोणी हुद्द्याचे नाव बदलून हे लिहावे असे मी म्हणत नाही. पण वर्गात शिकवताना शिक्षकाने ‘मागचा अ‍ॅडमिरल’ असे हास्यास्पद भाषांतर न करता चंदावल हा शब्द सांगितला, तर मुलांना हुद्दाही कळेल आणि आपला एक सुंदर शब्दही पुन्हा वापरात येईल.

अर्थात शब्दाची व्युत्पत्ती म्हणजे आजची जबाबदारी नव्हे, आणि टिपणांत सगळा घोटाळा इथेच होतो. हुद्दा वेगळा, नेमणूक वेगळी आणि त्या नेमणुकीच्या हाताखालचे दल वेगळे. भारतीय नौदलात कमोडोर या हुद्द्याच्या वर रिअर अ‍ॅडमिरल, व्हाइस अ‍ॅडमिरल आणि अ‍ॅडमिरल असे तीन हुद्दे प्रत्यक्षात आहेत; भूदलातले मेजर जनरल, लेफ्टनंट जनरल आणि जनरल यांच्या बरोबरीचे. संपूर्ण नौदलाचा प्रमुख अ‍ॅडमिरल असतो. त्याच्या खाली मुंबई, विशाखापट्टणम आणि कोची येथील तीन नौदल विभाग येतात आणि प्रत्येकाचा प्रमुख व्हाइस अ‍ॅडमिरल असतो. त्या विभागांपैकी पश्चिम आणि पूर्व विभागांत प्रत्यक्ष समुद्रावर लढणारे जे पश्चिम आरमार आणि पूर्व आरमार, त्यांचे नेतृत्व रिअर अ‍ॅडमिरल करतो. कोचीच्या विभागाकडे मुख्यतः प्रशिक्षणाचे काम आहे. १९७१चे युद्ध घेतले तर ही रचना नावांनिशी दिसते: नौदलप्रमुख अ‍ॅडमिरल एस. एम. नंदा, पश्चिम विभागाचे प्रमुख व्हाइस अ‍ॅडमिरल एस. एन. कोहली, आणि पश्चिम आरमाराचे सेनानी रिअर अ‍ॅडमिरल ई. सी. कुरुविला, पूर्वेला विभागप्रमुख व्हाइस अ‍ॅडमिरल एन. कृष्णन आणि पूर्व आरमाराचे सेनानी रिअर अ‍ॅडमिरल एस. एच. सरमा. म्हणजे ज्याच्या हुद्द्याचा अर्थ पिछाडीचा सरदार, तोच आपल्याकडे आरमाराच्या अग्रभागी असतो. अमेरिकेत सातव्या आरमाराचा प्रमुख व्हाइस अ‍ॅडमिरल असतो आणि त्याच्या वरच्या संपूर्ण पॅसिफिक आरमाराचा प्रमुख पूर्ण अ‍ॅडमिरल असतो. तेव्हा ‘आरमाराचा प्रमुख म्हणजे अमुक हुद्दा’ असे सूत्र पाठ करून चालत नाही.

हुद्दा आणि पद यांतला फरक आपल्याच इतिहासातून आणखी ठळक होतो. १९६२ ते १९६६ या काळात भास्कर सदाशिव सोमण नौदलाचे प्रमुख होते, १९६५चे युद्ध त्यांच्या कारकिर्दीत झाले, आणि तरी त्यांचा हुद्दा व्हाइस अ‍ॅडमिरल होता. नौदलप्रमुखाला पूर्ण अ‍ॅडमिरलचा हुद्दा १९६८ साली ए. के. चटर्जी यांच्यापासून मिळाला. म्हणून सोमणांविषयी लिहिताना ‘अ‍ॅडमिरल’ न म्हणता ‘नौदलप्रमुख व्हाइस अ‍ॅडमिरल सोमण’ असे लिहिणे बरोबर. सर्वांत वरचा पंचतारांकित हुद्दा ‘अ‍ॅडमिरल ऑफ द फ्लीट’ हा आहे. माणेकशा आणि करिअप्पा यांना फील्ड मार्शल, अर्जन सिंग यांना हवाईदलाचे मार्शल करण्यात आले, परंतु त्यांच्या तोडीचा हा नौदलाचा हुद्दा भारतात आजवर कोणालाही दिलेला नाही. नावात ‘आरमार’ असले तरी तो सन्मानाचा हुद्दा आहे, विशिष्ट आरमाराची नेमणूक नाही. त्याला ‘आरमारप्रमुख’ म्हणणे चूक ठरेल.

राहिले दर्यासारंग आणि सरखेल. दोन्ही शब्द मला प्रिय आहेत. दर्या म्हणजे समुद्र हे सर्वांना ठाऊक आहे. ‘सारंग’ मात्र इथे राग नव्हे आणि हरीणही नव्हे, तो फारसी ‘सरहंग’ म्हणजे सेनानी. इराणच्या सैन्यात आजही कर्नलला सरहंग म्हणतात, आणि आपल्या किनाऱ्यावर गलबताच्या प्रमुखाला सारंग म्हणत म्हणत ते पुढे आडनाव झाले. सरखेल हे बिरुद कान्होजी आंग्र्यांनी गाजवले, पण त्यातला ‘खेल’ हा अरबी ‘खैल’, म्हणजे घोडेस्वारांचा जथा; गायकवाडांच्या ‘सेनाखासखेल’ या किताबातही तोच आहे. घोड्यांवर वाढलेल्या राज्याने समुद्राच्या सेनानीलाही घोडदळाचाच शब्द दिला. आणि ज्यांनी मराठ्यांचे आरमार मुळात उभारले, त्या शिवाजी महाराजांचे घराणे समुद्रापासून कितीतरी आत असलेल्या आपल्या वेरूळचे, हेही मला या संदर्भात आठवल्यावाचून राहत नाही.

तथापि ही दोन्ही बिरुदे विशिष्ट काळाची आणि विशिष्ट व्यक्तींची आहेत. खांदेरीच्या १६७९च्या झुंजीविषयी लिहिताना शिवरायांचे आरमारी सेनानी मायनाक भंडारी किंवा दौलतखान यांना अ‍ॅडमिरल म्हणणे जितके विजोड, तितकेच आजच्या व्हाइस अ‍ॅडमिरलला दर्यासारंग म्हणणे विजोड. ‘नौसेनापती’ हा शब्द अर्थाला निर्दोष आहे, परंतु तो कोणत्याही काळातल्या, कोणत्याही हुद्द्याच्या सागरी सेनानीला लागू पडतो; इतिहासलेखनात तो जरूर वापरावा, हुद्द्याचे भाषांतर म्हणून नको. डिसेंबर २०२३मध्ये सिंधुदुर्ग येथे नौदल दिन साजरा झाला, तेव्हा हुद्द्यांना भारतीय परंपरेतली नावे देण्याची घोषणा झाली आणि त्याच महिन्यात शिवरायांच्या राजमुद्रेवरून घेतलेली अष्टकोनी आकृती अ‍ॅडमिरलांच्या खांद्यांवर आली. नौदलाने उद्या अधिकृत नावे बदलली, तर आपणही ती आनंदाने लिहू. तोवर ज्या नावाने माणसाची नेमणूक झाली, तेच नाव लिहिणे हा त्याचा मान आहे.

त्या विद्यार्थिनीने आपल्या वहीतले वाक्य खोडून त्या जागी असे लिहावे: ‘भारतीय नौदलाच्या पश्चिम आरमाराचे सेनानी रिअर अ‍ॅडमिरल या हुद्द्याचे असतात, ते पश्चिम नौदल विभागाच्या प्रमुखांच्या, म्हणजे व्हाइस अ‍ॅडमिरलच्या, आज्ञेत काम करतात.’